निप्पॉन मारूबद्दल, बाळ्यास

योकोहामा,
रविवार

प्रिय बाळ्या,
सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर आपलं भांडण अर्धवट राहिलं. ‘इंजिनाच्या जमान्यात नाविक शाळेच्या पोरांना शिडांवर चढवायचं म्हणजे सरकारी हौस,’ हे तुझं जुनंच पालुपद. गोव्यात बांधलेल्या, आपल्या नौदलाच्या ‘तरंगिणी’ या शिडाच्या प्रशिक्षण जहाजालाही तू सोडत नाहीस. उभा जन्म इंजिनरूममध्ये काढलेला माणूस दुसरं काय बोलणार म्हणा! पण इथे ‘निप्पॉन मारू’ हे जुनं शिडाचं प्रशिक्षण जहाज उभं आहे, तिची हकिगत ऐक आणि मग भांड.

१९२७ साली कागोशिमाच्या नाविक शाळेचं ‘किरिशिमा मारू’ हे शिडाचं जहाज वादळात बुडालं. विद्यार्थी आणि खलाशी मिळून ५३ जण गेले. पोरांना पाठवायचं तर धड जहाजातून पाठवा, अशी ओरड झाली आणि सरकारने दोन मोठी जहाजं बांधायला घेतली. ‘निप्पॉन मारू’ आणि तिची बहीण ‘काइवो मारू’, दोघी १९३० साली कोबेत पाण्यात उतरल्या. चार डोलकाठ्या, २९ शिडं, ९७ मीटर लांबी. डोलकाठ्या-दोरखंडांचं काम मात्र स्कॉटलंडमधल्या लीथच्या कंपनीकडे होतं. आणि हो, पोटात दोन डिझेल इंजिनंही होती, जपानातच बनलेली. १९८४ पर्यंत तीच चालली. आता बोल!

युद्धात शिडं उतरवली आणि तिला कोळसा वाहायला जुंपलं. युद्ध संपल्यावर परमुलखात अडकलेल्या हजारो जपान्यांना तिने घरी आणलं. शिडं परत चढली ती थेट १९५२ साली. पुढच्याच वर्षी ती पॅसिफिकमधल्या बेटांवर गेली, लढाईत मेलेल्यांच्या अस्थी आणायला. शिकाऊ पोरांच्या जहाजाला हे काम करावं लागलं, याचं मला अजून कसंसंच वाटतं.

एकूण ११,५०० विद्यार्थी तिच्यावर शिकले. रोज सकाळी अनवाणी, ओणवं बसून ओल्या लाकडी डेकवर अर्धा कापलेला नारळ घासायचा. सोडणासकट बरं का! सगळ्यांचे हात एका तालात. आपल्याकडे सोडणं चुलीत जातात किंवा काथ्याला, आणि या लोकांनी त्यांवर ५४ वर्षं जहाज चकचकीत ठेवलं.

१९८४ मध्ये ती निवृत्त झाली, तेव्हा १० शहरांनी तिला मागणी घातली. योकोहामाने बाजी मारली. जुन्या जहाज-कारखान्याची दगडी गोदी रिकामी होती, तिथे १९८५ पासून ती पाण्यात तरंगती ठेवली आहे. २०१७ साली सरकारने तिला महत्त्वाच्या सांस्कृतिक ठेव्याचा दर्जाही दिला. पण खरी गंमत दर्जात नाही. वर्षातून साधारण १२ वेळा तिची सगळी शिडं उघडतात, आणि ती उघडतात हौशी स्वयंसेवक. नोकरदार, गृहिणी, पेन्शनर, सगळे. आधी रीतसर शिकवणी घ्यायची, मगच वर चढायचं.

मागच्या वेळी मी धक्क्यावरून बघत होतो. साठीच्या पुढची एक बाई आडव्या काठीवर पोट टेकवून उभी, पायाखाली फक्त एक दोर, दोन्ही हात शिडाच्या गाठी सोडण्यात गुंतलेले. खाली डेकवर वीसेक माणसं एका सुरात आरोळी ठोकत दोर ओढत होती. एकाचा हात जरी मागे राहिला तरी शीड वाकडं चढतं. सगळी शिडं चढायला तासभर तरी लागतो. पोरांना शिडांवर का चढवतात, याचं उत्तर मला त्या तासात मिळालं. वाऱ्याशी त्याचा संबंध थोडाच आहे. वरच्याने खालच्यावर भिस्त टाकायची आणि खालच्याने मान वर करून त्याच्यावर लक्ष ठेवायचं, हे वर्गात बसून शिकवता येत नाही. तुझ्या इंजिनरूममध्येही शेवटी तेच चालायचं ना?

तुला पटणार नाहीच. म्हणून म्हणतो, एकदा ये आणि डोळ्यांनी बघ. शिडं उघडायच्या तारखा आधी जाहीर होतात. मी कळवतो, मगच तिकीट काढ. पावसाळी हवा असेल तर बेत रद्द होतो, तेव्हा चार दिवस हाताशी ठेवून ये. वहिनींनाही आण. काकूंना नमस्कार.

तुझा,
नंदू