हातमोजे अलिबागला आहेत

नमस्कार,

तुमचे करडे लोकरी हातमोजे अलिबागला आहेत. आईच्या कपाटात, शालींच्या घडीखाली. उजव्या अंगठ्याला भोक होतं, ते तिनं रफू केलंय. जुळती लोकर मिळाली नाही, त्यामुळे अंगठ्याचं टोक निळं झालंय. तेवढं चालवून घ्या.

गेल्या नोव्हेंबरात पोलंडातल्या क्राकूवहून ऑश्विट्झची नाझी छावणी बघायला जाणाऱ्या बसमध्ये तुम्ही आमच्या मागच्या सीटवर होतात, पुण्याहून आलेल्या ऑफिसातल्या पाहुण्याला घेऊन. आईनं दिवसभरात तुमचं गाव, आडनाव, घरी कोण कोण असतं, लग्नाचं कुठवर आलंय, सगळं काढून घेतलं. फोन नंबर तेवढा घ्यायचा राहिला. आडनाव मी इथे लिहीत नाही. मिरजेकडचे, क्राकूवला चार वर्षं नोकरीला, एवढ्यावर तुमचा एखादा मित्र तुम्हाला ओळखेल आणि हे पुढे धाडेल.

खरं तर आभार सकाळपासूनचेच मानायला हवेत. सात वाजता, अजून उजाडायचं होतं, बसच्या रांगेत आई कमरेचा बटवा काढून लवंग शोधत होती. लाल खणाचा बटवा, त्यावर पिवळ्या रेशमानं भरलेलं स्वस्तिक. माझ्या आजीच्या हातचं. तुम्ही पुढे आलात आणि अगदी हळू मला म्हणालात, ‘‘ताई, काकूंचा बटवा आज तुमच्याकडे ठेवता का? आतल्या खिशात.’’ मला कळायला क्षणभर लागला आणि मग कानशिलं तापली. मी या प्रवासाची महिनाभर तयारी केली होती. पासपोर्टवरचं नाव आणि तिकिटावरचं नाव जुळतंय ना, पिशवी फार मोठी नाही ना, गुडघ्याची गोळी घेतली ना. बटव्याकडे लक्षच गेलं नव्हतं. तो आमच्या घरात इतका रोजचा आहे की दिसतच नाही.

आईला ते आवडलं नाही, हे तुमच्याही लक्षात आलं असेल. ‘‘आपलं ते नव्हे,’’ एवढंच ती म्हणाली. तुम्ही वाद घातला नाहीत, वेदातलं स्वस्तिक आणि नाझींचं तिरकं, असलं काही समजावत बसला नाहीत. ‘‘हो काकू, पण तिथे येणाऱ्या एखाद्याला ते कसं कळणार?’’ म्हणालात आणि बसमध्ये चढलात. पुढचे सात तास तो बटवा माझ्या कोटाच्या आतल्या खिशात होता.

आई तिथे का आली होती, ते तुम्ही विचारलं नाहीत. बहात्तर वर्षांची, निवृत्त गणिताच्या बाई, पोलंडला मुलीसोबत तीन आठवडे आली तर राजवाडे बघेल, चर्च बघेल. तिनं येण्याआधीच सांगून ठेवलं होतं की बाकी काही दाखवलं नाहीस तरी चालेल, हे दाखव. अलिबागला इस्रायल आळीत तिची एक मैत्रीण होती. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले ज्यू, घरात आपल्यासारखीच मराठी बोलणारी माणसं. पूर्वी तेलाचे घाणे चालवायची आणि शनिवारी बंद ठेवायची, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. त्यांच्या दाराच्या चौकटीला मेझुझाची, म्हणजे धर्मग्रंथातल्या ओळी आत ठेवलेली, लहानशी नळी ठोकलेली असे आणि येता-जाता तिला बोटं लावून ती ओठांना लावत. आई त्यांच्याकडे मलिदा खायला जायची, पोहे-खोबऱ्या-साखरेचा. ती मैत्रीण तिच्या उंबरठ्यावरच्या रांगोळीतलं स्वस्तिक न पुसता ओलांडून यायची. साठ-पासष्टच्या सुमारास ते कुटुंब इस्रायलला गेलं. तिथून आलेल्या एका पत्रात, मराठीत, तिनं लिहिलं होतं की आमच्या शेजारणीच्या हातावर आकडे गोंदलेत. आई तेव्हा बारा-तेरा वर्षांची. तिच्या आजीच्या हातावर तुळस आणि तीन ठिपके गोंदलेले होते. आकडे कशाला कोण गोंदवून घेईल, हा प्रश्न तिनं घरात विचारला आणि कुणालाच उत्तर आलं नाही.

ओश्विएंचिमला, ऑश्विट्झचं हे पोलिश नाव, पोचलो तेव्हा धुकं होतं. वाटाड्या बाई त्याच गावच्या. त्यांचं इंग्रजी चांगलं होतं, पण कानातल्या यंत्रातून येणारे पोलिश वळणाचे उच्चार आईला लागेनात. तिनं यंत्र गळ्यात सोडून दिलं आणि मी दुभाषी झाले. पहिला अर्धा तास ठीक गेला. फाटकावरची ‘आर्बाइट माख्ट फ्राय’, म्हणजे ‘काम मुक्त करतं’, या लोखंडी अक्षरांची कमान, त्यातला उलटा ‘बी’. पोलिश लष्कराच्या जुन्या विटांच्या बराकी. १४ जून १९४० रोजी तारनूफहून आलेले पहिले ७२८ पोलिश राजकीय कैदी. तारखा आणि आकडे मराठीत सांगता येतात.

चौथ्या ब्लॉकमध्ये मी अडकले. फलाटावरचे फोटो होते, १९४४च्या उन्हाळ्यातले. बाई ‘सिलेक्शन’ म्हणाल्या, मी ‘निवड’ म्हटलं. आई म्हणाली, ‘‘निवड म्हणजे? कशासाठी?’’ मी पुन्हा तेच म्हटलं आणि माझं मलाच ते नकोसं झालं. निवडायचे म्हणजे तांदूळ, मेथी. शाळेच्या संघासाठी मुलं. मग तो पुढचा फोटो. बर्चच्या झाडांखाली गवतात बसलेल्या बायका आणि मुलं, एका मुलाच्या डोक्यावर टोपी, एका म्हातारीनं पाय लांब सोडलेले. बाई सांगत होत्या की ही माणसं आपली पाळी यायची वाट बघताहेत, गॅस चेंबर पलीकडेच आहे, त्यांना ते माहीत नाही. पुण्याला माझी आठ वर्षांची मुलगी आहे. मी ‘‘आई, ही लोकं…’’ म्हटलं आणि आवाजच फुटेना. आई माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

‘‘काकू, ही रांग मारायला काढलेल्यांची,’’ मागून तुम्ही म्हणालात. ‘‘गाडीतून उतरल्यावर लगेच दोन रांगा करायचे. कामाला येतील ते एकीकडे. म्हातारी माणसं, आजारी, आणि लहान मुलं कडेवर असलेल्या आया दुसरीकडे. यांना आंघोळीला नेतो म्हणून सांगितलंय.’’

बस, तिथून तुम्हीच. मी मागे सरकले. माझ्या जागी तुम्ही आईच्या डाव्या अंगाला, किंचित वाकून, दुसऱ्या कुणाला त्रास होणार नाही अशा आवाजात. तुम्ही तिसऱ्यांदा येत होतात, हे तुमच्या पाहुण्यानं नंतर सांगितलं. तरीच पुढे काय आहे ते तुम्हाला ठाऊक होतं. ‘‘काकू, पुढच्या खोलीत केस आहेत. बायकांचे कापलेले. खूप आहेत. नको असेल तर आपण दोघं जिन्यापाशी थांबू.’’ आई गेली आत. काचेमागे ढीग होता, सगळ्यांचा रंग काळानं एकसारखा करून टाकलेला, त्यात एक वेणी तशीच. त्या खोलीत फोटो काढायला बंदी आहे, तरी एक जण मोबाइल वर करत होता. तुम्ही त्याला काही बोलला नाहीत, नुसते त्याच्या आणि काचेच्या मध्ये उभे राहिलात.

पाचव्या ब्लॉकमध्ये आईनं तुम्हाला बराच वेळ अडकवून ठेवलं आणि आमचा गट पुढे गेला, त्याबद्दल आता क्षमा मागते. भांड्यांपाशी. इनॅमलच्या कढया, किटल्या, दुधाची पातेली, १२ हजारांच्या वर. काहींचे कपचे उडालेले. आई म्हणाली, ‘‘भांडी घेऊन आले म्हणजे संसार मांडायला चाललोय असंच वाटलं असेल रे यांना.’’ तुम्ही म्हणालात, तसंच सांगितलं होतं, दुसऱ्या गावी वसवणार म्हणून. मग ती वाकून भांड्यांवर नावं शोधायला लागली. आपल्याकडे लग्नातल्या प्रत्येक तांब्यावर नाव आणि तारीख घातलेली असते, तशी. तुम्ही हसला नाहीत. तिला दंडाला धरून बॅगांपाशी नेलंत. ‘‘काकू, नावं इथे आहेत.’’ चामड्याच्या, पुठ्ठ्याच्या बॅगा, वर पांढऱ्या रंगानं मोठ्या अक्षरांत आडनाव, गाव, जन्मतारीख. लिहायला लावलं होतं, सामान परत मिळावं म्हणून. तुम्ही एकेक नाव वाचत गेलात. आईनं एका बॅगेवरच्या जन्मसालावरून मनात वजाबाकी केली असणार. ओठ हलले, बोलली नाही.

बिर्केनाऊ, ऑश्विट्झचीच दुसरी, मोठी छावणी, तिथून तीन किलोमीटर. त्या जागेचं मला वर्णन करायचं नाहीये. ते पसरलेलं आहे आणि तिथे वारा आहे. आईचे हात काळेनिळे पडले तेव्हा तुम्ही हातमोजे काढून दिलेत. ‘‘मला सवय आहे’’ म्हणालात आणि मग पुढचा तासभर स्वतःचे हात काखेत घालून फिरलात. सवय कसली डोंबलाची.

रुळांपाशी तुम्ही सांगितलंत की हा फाटा छावणीच्या आत आला तो मे १९४४मध्ये. तोवर गाड्या बाहेरच थांबत. मेच्या मध्यापासून जुलैच्या सुरुवातीपर्यंत, आठ आठवड्यांत, हंगेरीतून सव्वाचार लाखांच्या वर ज्यू इथे आणले. आईनं विचारलं, नातवंडाला आजीनं कडेवर घेतलं असेल तर? तुम्ही जरा थांबून म्हणालात, ‘‘दोघं एकाच रांगेत, काकू. आणि ते मूल आईकडे असतं तर आईही.’’ मग तिनं साठ वर्षांपूर्वीच्या पत्रातला प्रश्न विचारला, त्या गोंदलेल्या आकड्यांचा. मला वाटलं होतं त्याचं उत्तर मला माहीत आहे. तुम्ही जे सांगितलंत ते मात्र मला सुचलं नसतं. आकडा गोंदत ते नोंद झालेल्या कैद्यांना. जे थेट मारायला नेले त्यांची नोंदच नाही, त्यांना कसला आकडा. ‘‘म्हणजे त्या बाईच्या हातावर नंबर आहे याचा अर्थ, इथे ती कामाच्या रांगेत गेली.’’ आई बराच वेळ तुमचे हातमोजे घातलेले हात एकमेकांत धरून उभी होती. त्या रांगेतून शेजारणीचं कोण गेलं नसेल, हे ती मनात मांडत होती, असं मला वाटतं. ती बोलली नाही आणि तुम्हीही विचारलं नाहीत.

शेवटी ते स्मारक. प्रेतं जाळायच्या उद्ध्वस्त क्रेमेटोरियमच्या दोन ढिगाऱ्यांमध्ये, वीसहून जास्त भाषांतल्या पाट्या. इंग्रजी पाटी तुम्ही आईला मराठीत करून सांगत होतात आणि ‘क्राय’ या शब्दापाशी थांबलात. ‘आक्रोश’ म्हणालात, मग नको म्हणालात, वर्तमानपत्री होतो. ‘किंकाळी’ एकाच माणसाची वाटते. आई म्हणाली, ‘‘टाहो.’’ तुम्ही पूर्ण वाक्य ‘टाहो’ घालून पुन्हा म्हणून बघितलंत. त्या वाऱ्यात तुम्ही दोघं शुद्धलेखन तपासल्यासारखी पाटीवर वाकलेली, हे चित्र माझ्या मनातून जात नाही.

आणि लगेच आईचं गणित. ‘‘दगडावर पंधरा लाख म्हणतोस, आणि सकाळी ती बाई अकरा म्हणाली.’’ तुम्ही कंटाळला नाहीत. बहुतेक कागदपत्रं छावणी चालवणाऱ्या नाझींच्या एसएस दलानं जाळली, त्यामुळे आधी नुसते अंदाजच होते. १९९०च्या आधी इथे ४० लाखांचा आकडा होता. संग्रहालयाचे इतिहासकार फ्रान्चिशेक पिपर यांनी कुठल्या देशातून किती माणसं आणली ते जुळवून काढलं. सुमारे १३ लाख आणले, ११ लाख मारले, त्यातले १० लाखांच्या आसपास ज्यू. परतीच्या बसमध्ये आईनं माझ्या तिकिटामागे पेन्सिलीनं मांडलं. १३ आणले. ४ लाखांची नोंद झाली. उरले ९, ते उतरल्याउतरल्या. नोंदलेल्यांपैकी २. नऊ आणि दोन अकरा. ताळा जमला तसा तिनं कागद उलटा ठेवला. ते तिकीट माझ्याकडे आहे.

बसमध्ये कुणी बोलत नव्हतं. मी बुकिंग करताना, त्याच दुपारी मिठाची खाणही बघून या, अशी जोडसहल स्वस्तात मिळत होती आणि मी ती जवळजवळ घेतली होती. सहल! कुणी विचारलं तर सांगते, त्या दिवशी दुसरं काही ठरवू नका. आईनं डबा उघडला, डिंकाचे लाडू होते, पण तिलाच उघडल्यावर कसंसं झालं. मग तुम्हीच मागून हात पुढे केलात. ‘‘द्या काकू, सकाळपासून काही खाल्लं नाही.’’ तुम्हाला भूक होती की नव्हती, कोण जाणे. तुम्ही खाल्लात म्हणून पाहुण्यानं खाल्ला, मग मी, मग आईनं अर्धा. स्टेशनच्या आधीच्या थांब्यावर तुम्ही घाईनं उतरलात, हातमोजे तिच्या मांडीवर.

हॉटेलवर आल्यावर आईनं कोट उतरवायच्या आधी बटवा मागितला. माझ्या अंगठ्यानं दिवसभर चाळवून चाळवून त्या पिवळ्या रेशमाचा एक टाका सुटला होता. तिनं तो बघितला, लवंग काढून तोंडात टाकली आणि बटवा कमरेला लावला. तो टाका तिनं अजून भरलेला नाही. तुमचा अंगठा मात्र परतल्यावर आठवड्यातच रफू झाला.

खालचा निरोप तिचा आहे, ती सांगतेय तसाच लिहिते. पोस्टानं पाठवणार नाही, पार्सलात हरवतात. सुट्टीवर आलास की मिरजेहून अलिबागला ये, उन्हाळ्यात ये, पांढरा कांदा तेव्हाच असतो. इस्रायल आळी दाखवीन. हातमोजे तेव्हा घेऊन जा.