‘फार जुनी नाही’ म्हणून पाडलेले चर्च

संपादक महोदय,

रस्तारुंदीच्या आड येणाऱ्या एकोणिसाव्या शतकातील इमारती ‘फार जुन्या नाहीत’, तेव्हा त्या पाडायला हरकत नसावी, असे मत आपल्या पत्रस्तंभात वाचले. मी राहतो त्या इंग्लंडमधल्या डर्बी शहरात या विचाराने काय झाले, ते कळवावेसे वाटते.

इथले सेंट अल्कमुंड्स हे पॅरिश चर्च (म्हणजे आसपासच्या वस्तीचे चर्च) १८४६ मध्ये उभे राहिले. वास्तुकार हेन्री आयझॅक स्टीव्हन्स. आकाशात घुसणारा निमुळता मनोरा आणि भोवती जॉर्जियन काळातल्या (साधारण अठराव्या शतकातल्या) घरांचा चौक. त्यासाठी तिथलेच मध्ययुगीन चर्च पाडले होते, हेही मला पटत नाही. पुढे शहराचा रिंगरोड आखला गेला आणि १९६८ मध्ये चर्चसकट तो चौकही गेला. प्रसिद्ध चित्रकार जोसेफ राइट १७९७ मध्ये वारले, त्यांना इथेच पुरले होते. त्यांचे अवशेष उकरून नॉटिंगहॅम रोडच्या दफनभूमीत हलवावे लागले. रस्त्याला नाव मात्र दिले सेंट अल्कमुंड्स वे!

एक शहाणपण दाखवले गेले. डांबर पडण्याआधी जागेचे रीतसर उत्खनन झाले. त्यात सॅक्सन काळातल्या (हजारेक वर्षांपूर्वीच्या) चर्चच्या खुणा आणि नवव्या शतकातील दगडी शवपेटी सापडली. ती आता डर्बीच्या संग्रहालयात आहे. तिच्या बाजूंवर घट्ट विणलेल्या चटईसारखी एकमेकींत गुंतलेली नक्षी कोरली आहे. एक पट्टी नजरेने धरून ठेवावी तर ती दुसरीखाली शिरते आणि भलतीकडून वर येते. आत कोण होते? कोणी म्हणतात राजपुत्र संत अल्कमुंड, कोणी म्हणतात ८७१ मध्ये वायकिंगांशी लढताना पडलेला सरदार एथेलवुल्फ.

शवपेटी वाचली याचा आनंद आहेच. पण वरचे चर्च गेले ते गेलेच. पाडले तेव्हा ते १२२ वर्षांचे होते; त्याला जुने होऊच दिले नाही. शेजारचे, वास्तुकार पुगिन यांचे सेंट मेरीज चर्च त्याच्याहून सातच वर्षांनी मोठे. ते राहिले, आणि आज लोक ते मुद्दाम पाहायला येतात.

म्हणून पालिकांना कळकळीची विनंती: आधी रस्त्याची आखणी बदलून पाहा. ते खरोखरच अशक्य असेल, तर प्रत्येक खोलीची मोजमापे, नकाशे, छायाचित्रे आणि पायाखालचे उत्खनन यांचा खर्च पाडकामाच्या निविदेतच धरा, आणि ते काम पुरे झाल्याशिवाय ठेकेदाराला जागेचा ताबा देऊ नका.

– एक वाचक, डर्बी, इंग्लंड