श्लोक राहू देत, दंड वाच

दादर, मुंबई
श्रावणातला रविवार

प्रिय अन्या,

तुझं पत्र मिळालं. सध्या मी कौटिल्याचं अर्थशास्त्र, मनुस्मृती आणि महाभारतातलं शांतिपर्व वाचतोय, त्यावर तू लिहिलंस: "अर्थशास्त्र, मनुस्मृती, शांतिपर्व! नोकरी सोडून राज्य चालवायचा विचार आहे की काय?" हे वाचून बायको खो खो हसली. राज्य कसलं रे, सोसायटीची सेक्रेटरीगिरीसुद्धा मी टाळत आलोय. पण तू पडलास वकील, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

मला दिवसेंदिवस पटत चाललंय की या ग्रंथांतली सुभाषितं बाजूला ठेवावीत आणि दंड वाचावेत. 'प्रजेच्या सुखात राजाचं सुख' हे लिहायला कौटिल्याच्या खिशातून काय जात होतं? पण गल्लीत माती टाकली तर पणाचा (पण म्हणजे तेव्हाचं नाणं) आठवा भाग, चिखलपाण्याने वाट अडवली तर पाव पण, राजमार्गावर तेच केलं तर दुप्पट, असं तो लिहितो तेव्हा त्याच्या नगरातली माणसं दिसायला लागतात. (आमच्या गल्लीत ऐन पावसाळ्यात खोदून ठेवलंय. जाता-येता मी मनातल्या मनात दंड आकारतो.)

अर्थशास्त्राच्या दुसऱ्या अधिकरणात, म्हणजे भागात, सरकारी पैसा खाण्याचे चाळीस प्रकार दिलेत. ऑडिटमध्ये हाडं झिजवलेला माणूस तिथून उठेल कसा? आधी वसूल झालेलं नंतर जमा दाखवायचं. नंतर यायचं ते आधीच दाखवायचं. वसूल होण्याजोगं असून झालंच नाही म्हणायचं. थोडं आलं तरी जास्त लिहायचं. मार्चअखेरीला आम्ही दुसरं काय शोधतो! पुढच्याच अध्यायात तो म्हणतो, पाण्यातला मासा पाणी कधी पितो ते कळत नाही, तसंच कामावरचा अधिकारी पैसा कधी खातो ते. आणि हाच माणूस पगार ठरवताना मंत्री, सेनापती, पुरोहित यांना 48,000 पण देतो, कारण एवढं मिळालं की ते फुटणार नाहीत. तळाच्या नोकराला 60. आठशे पट! खालचा फुटला तर राज्याचं काय बिघडणार होतं?

गंमत म्हणजे हा ग्रंथ टिळकांच्या पिढीला तारुण्यात वाचायलाच मिळाला नाही. ग्रंथपाल शामशास्त्रींना म्हैसूरला पोथी मिळाली 1905 मध्ये, छापून आली 1909 मध्ये.

मनूलाही हीच फूटपट्टी लाव. आठव्या अध्यायात शिवीगाळीचे दंड आहेत. ब्राह्मणाला शिवी दिली तर क्षत्रियाला 100 पण, वैश्याला 150 किंवा 200, शूद्राला मात्र शारीरिक शिक्षा. उलट ब्राह्मणाने शिवी दिली तर क्षत्रियासाठी 50, वैश्यासाठी 25, शूद्रासाठी 12. धर्म म्हणजे काय यावरचे त्याचे सगळे श्लोक एकीकडे आणि हे दरपत्रक एकीकडे. 25 डिसेंबर 1927 ला महाडला ती पोथी का जाळली गेली, हे मला कुठल्या भाषणापेक्षा या आकड्यांनी जास्त समजावलं.

तरी सगळंच तसलं नाही. तुला ठाऊक असेल, पण मला नव्हतं: मुंबई बेट, गुजरात आणि उत्तर कोकणात वारसाहक्काच्या बाबतीत नीळकंठभट्टांचा 'व्यवहारमयूख' हा कायद्याचा ग्रंथ 'मिताक्षरा' या जुन्या टीकाग्रंथाच्या वरचा मानत. काशीत बसून लिहिणाऱ्या या सतराव्या शतकातल्या पंडिताने बहिणीला आजीच्या पाठोपाठ वारस धरलं. युक्तिवाद साधा: ती भावाच्याच गोत्रात जन्मली, मग गोत्रज का नाही? इतर प्रांतांतल्या बहिणींना त्यासाठी 1929 च्या कायद्यापर्यंत थांबावं लागलं. एका पंडिताने एक शब्द सरळ वाचला आणि गिरगावातल्या कुणा बहिणीच्या नावावर खोली झाली असेल!

शांतिपर्व मात्र घशाखाली उतरत नाहीये. भर सभेत द्रौपदीने विचारलं तेव्हा 'धर्माची गती सूक्ष्म' म्हणून हात झटकणारे भीष्म शरशय्येवर किती बोलतात रे!

मयूखाचं संपादन करणारे पां. वा. काणे हायकोर्टात वकिली करायचे, तुझेच व्यवसायबंधू. त्यांच्या 'धर्मशास्त्राच्या इतिहासा'चा तिसरा खंड, राजधर्म आणि व्यवहाराचा, म्हणजे न्यायनिवाड्याचा, तुझ्या नानांच्या कपाटात पाहिल्याचं आठवतंय. गणपतीला येशील तेव्हा घेऊन ये. वाळवी लागली असेल तरी चालेल. काकूंना नमस्कार सांग.

तुझा,
सुध्या