शरणपूरच्या आफ्रिकी मुलांची दखल कोण घेणार? सांस्कृतिक कार्यमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. मंत्री, सांस्कृतिक कार्य विभाग,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय : नाशिकच्या शरणपूर येथे राहिलेल्या आफ्रिकी मुलांच्या इतिहासाची नोंद, फलक आणि दप्तर

माननीय मंत्रिमहोदय,

सप्रेम नमस्कार.

लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबी या चर्चमध्ये आफ्रिका धुंडाळणारा स्कॉटिश मिशनरी-प्रवासी डेव्हिड लिव्हिंगस्टन याच्या थडग्यावर एक शिळा आहे. विश्वासू हातांनी भूमी आणि समुद्र ओलांडून हा देह इथे आणला, असे तिच्यावर कोरले आहे. ते हात कुणाचे, हे मात्र शिळेवर नाही. त्यांतले काही हात नाशिकमध्ये घडले होते.

जेकब वेनराइट हा त्यांतला एक. आफ्रिकेतल्या याओ समाजातला मुलगा. लहानपणीच गुलामांच्या व्यापाऱ्यांच्या तावडीत सापडला, ब्रिटिश जहाजाने सोडवला आणि शिकायला आमच्या शरणपूरला आला. 1872 मध्ये पत्रकार-प्रवासी स्टॅन्लीने लिव्हिंगस्टनच्या मदतीला माणसे धाडली, त्यांत नाशिकचे सहा जण होते. पुढच्याच वर्षी, मे महिन्याच्या सुरुवातीला, आजच्या झांबियातल्या चितांबो गावी लिव्हिंगस्टन वारला. सोबत्यांनी त्याचे हृदय एका झाडाखाली पुरले. त्या वेळी प्रार्थना वाचली ती जेकबने आणि झाडाच्या खोडावर अक्षरे खोदली तीही त्यानेच. खोडाचा तो तुकडा आज लंडनच्या रॉयल जिओग्राफिकल सोसायटीत आहे. मग देह सुकवून, झाडाच्या सालीत गुंडाळून ही मंडळी सुमारे दीड हजार किलोमीटर चालत समुद्रकिनाऱ्यापर्यंत गेली. वाटेत सोबतीही दगावले. 18 एप्रिल 1874 रोजी ॲबीतल्या अंत्ययात्रेत शवपेटीच्या मानकऱ्यांमध्ये स्टॅन्लीबरोबर जेकब होता. त्याच्या हस्ताक्षरातली रोजनिशी स्कॉटलंडमधल्या ब्लँटायरच्या संग्रहालयाने जपली असून 2019 पासून ती कुणालाही संगणकावर वाचता येते.

आणि नाशिकमध्ये? शरणपूर रोडवर दुकाने आहेत, दवाखाने आहेत, संध्याकाळची कोंडी आहे. कॅनडा कॉर्नर कुठे, हे रिक्षावाल्याला विचारावे लागत नाही. पण याच रस्त्याच्या परिसरात एकेकाळी आफ्रिकेतली मुले राहत होती, हे सांगणारी एक ओळही कुठे लावलेली नाही.

थोडी पार्श्वभूमी देतो. एकोणिसाव्या शतकात पूर्व आफ्रिकेतून पकडलेली माणसे गलबतांत भरून अरबस्तान, इराणचे आखात आणि हिंदुस्थानच्या किनाऱ्याकडे विकायला नेली जात. ब्रिटिश आरमार ही गलबते अडवी आणि त्यांतली बरीच माणसे, विशेषतः मुले, मुंबईत उतरवली जात. पुढे त्यांचे काय करायचे, हा सरकारपुढचा प्रश्न होता. काही घरकामाला लागली, काही गोदीत, काही आगबोटींच्या भट्टीवर कोळसा टाकायला. काही मुलांना चर्च मिशनरी सोसायटी या इंग्लंडमधल्या ख्रिस्ती धर्मप्रसारक संस्थेने सांभाळले. सोसायटीने 1854 मध्ये नाशिकजवळ शरणपूर वसवले होते. आधी इथिओपियात काम केलेले आयझेनबर्ग हे जर्मन मिशनरी तेव्हा मुंबईत होते. त्यांच्या पुढाकाराने 1860 च्या सुमारास ही मुले शरणपूरला आली आणि विल्यम सॉल्टर प्राइस यांच्या देखरेखीखाली वाढली. सकाळी शाळा आणि मग सुतारकाम, लोहारकाम असे त्यांचे शिक्षण असे.

1865 मध्ये लिव्हिंगस्टन मुंबई इलाख्यात आला, तेव्हा त्याने याच शाळेतली नऊ मुले बरोबर घेतली. त्याच्या टिपणांत त्यांच्याविषयी कुरकूर पुष्कळ आहे. मुले आळशी, चालताना मागे राहतात, वगैरे. मला ही कुरकूर वाचताना नेहमी वाटते, की सुतारकाम शिकलेल्या शहरी मुलांना जंगलात ओझी वाहायला लावल्यावर दुसरे काय होणार? तरीही त्यांच्यातला एडवर्ड गार्डनर शेवटपर्यंत टिकला.

विल्यम जोन्सची गोष्ट मला जेकबपेक्षाही मोठी वाटते. तोही गुलामगिरीतून सुटून नाशिकला शिकलेला. 1864 मध्ये त्याला आजच्या केनियातल्या मोंबासाजवळच्या रबाईला पाठवले. पुढे तो तिथे पाद्री झाला. 1885 मध्ये बिशप हॅनिंग्टनची युगांडाच्या वाटेवर हत्या झाली, तेव्हा मागे उरलेला काफिला परत आणला तो जोन्सने. त्यानंतर किनाऱ्यावरच्या मालकांकडून पळून आलेले गुलाम रबाईला आसरा मागू लागले आणि जोन्सने त्यांना ठेवून घेतले. मालक चिडले, मोठा पेच उभा राहिला आणि 1888 च्या अखेरीस ब्रिटिश ईस्ट आफ्रिका कंपनीला पैसे मोजून त्या माणसांची सुटका करून द्यावी लागली. एकेकाळी स्वतः विकल्या गेलेल्या माणसाने शेकडो माणसांना दार उघडले, त्या माणसाची शाळा नाशिकची होती.

1874 मध्ये प्राइस मोंबासाला गेले. तिथे वसलेल्या नव्या गावाला मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रेअर यांच्यावरून फ्रेअरटाउन असे नाव मिळाले. नाशिकच्या आफ्रिकींची तिकडे रवानगी झाली आणि शरणपूरचा हा अध्याय मिटला. केनियात त्यांना आजही 'बॉम्बे आफ्रिकन्स' म्हणून ओळखतात. फ्रेअरटाउनची घंटा मोंबासात अजून उभी आहे.

यात इंग्रजांची आरती ओवाळावी असे मी म्हणत नाही. मुलांना सोडवले खरे, पण त्यांची मूळ नावे गेली आणि धर्म कोणता हे त्यांना कुणी विचारले नाही. 'मायदेशी' म्हणून जिथे पाठवले, तो मोंबासाचा किनारा याओ मुलांच्या मुलखापासून शेकडो मैल दूर होता. हे सगळे फलकावर यावे. विषय मिशनचा आहे म्हणून फाईल बाजूला पडेल, ही भीतीही मी लपवत नाही. ही मुले मिशनची मालमत्ता नव्हती आणि त्यांचा इतिहासही नाही.

आफ्रिकी वंशाची माणसे महाराष्ट्राला नवी नाहीत. मलिक अंबरने वसवलेल्या खडकीचेच पुढे औरंगाबाद, आता छत्रपती संभाजीनगर झाले. पन्हाळ्याचा वेढा म्हटले की सिद्दी जौहर आठवतो, मुरूड म्हटले की जंजिरा. त्याच पन्हाळ्याच्या वेढ्यात महाराजांच्या बाजूने लढलेला सिद्दी हिलाल मात्र कमी जणांना ठाऊक असतो. म्हणजे आपल्या लेखी सिद्दी हा एकतर सरदार, नाहीतर शत्रू. ज्यांच्याकडे किल्ला नव्हता, तलवार नव्हती, फक्त करवत आणि पाटी होती, त्यांना आपल्या इतिहासात जागाच नाही.

आता मागणे. आपल्याच खात्याच्या पुराभिलेख संचालनालयाकडे, मुंबईत काळा घोड्याजवळ, मुंबई इलाख्याच्या राजकीय खात्याची गुलाम-व्यापाराविषयीची दप्तरे आहेत. परदेशी अभ्यासक ती चाळून जातात, पुस्तके लिहितात. त्या दप्तरांतली सुटका झालेल्या मुलांविषयीची कागदपत्रे आधी वेगळी काढून त्यांची मराठी सूची करा आणि छायाप्रती सर्वांना पाहता येतील अशा ठेवा. जुन्या इंग्रजी गॅझेटियरच्या 1883 च्या नाशिक खंडात शरणपूरची नोंद आहे. नाशिकची नवी दर्शनिका, म्हणजे गॅझेटियर, निघेल, तेव्हा तीत ही मुले नावानिशी यावीत. आणि शरणपूर रोडवर मराठी, इंग्रजी आणि स्वाहिली अशा तीन भाषांत एक फलक लागावा. केनियातल्या वंशजांपैकी कुणी आले, तर त्यांना वाचता आला पाहिजे.

2027 च्या सिंहस्थासाठी नाशिकचे रस्ते खोदले, बांधले, रंगवले जात आहेत. त्या खर्चात एका फलकाचा खर्च दिसणारही नाही. अट एवढीच की मजकूर अभ्यासकांकडून तपासून घ्यावा. गुळगुळीत दगडावर चुकीच्या तारखा कोरलेले फलक आपल्या राज्यात कमी नाहीत, त्यात आणखी एकाची भर नको.

पुराभिलेख संचालनालयाला आपण सूचना दिल्यास तिची प्रत नाशिकच्या जिल्हाधिकाऱ्यांनाही जावी, म्हणजे जागेचा प्रश्न सिंहस्थाच्या गर्दीआधी सुटेल. आपल्या उत्तराची वाट पाहतो.

आपला,
शरणपूर रोडचा एक रहिवासी, नाशिक