झेंडावंदनाच्या भाषणावरून मनूस पत्र

चि. मनूस,

अनेक उत्तम आशीर्वाद.

पंधरा ऑगस्टच्या झेंडावंदनासाठी तू लिहिलेले भाषण काल पोचले. मी ते शांतपणे वाचले, मग आईला मोठ्याने वाचून दाखवले. ऐकता ऐकता तिने निवडायला घेतलेली मेथी बाजूला ठेवली, यावरून काय ते समज. मला लिहायचे आहे ते त्यातल्या एकाच वाक्याबद्दल. "भगवा आपला आणि हिरवा त्यांचा असे घरी सांगतात, खरे का बाई?" असे तुझ्या वर्गातल्या मुलाने विचारले, आणि त्याचे उत्तर तू साऱ्या गावासमोर देणार आहेस : "या झेंड्यातला कोणताही रंग कोणा एकाच्या मालकीचा नाही." समोर त्या मुलाच्या घरची माणसेही बसलेली असतील. तुझी नेमणूक नवी आहे, खोली गावाच्या टोकाला आहे आणि शेवटची एसटी दिवेलागणीच्या आत निघून जाते. पण या काळजीचे पुराण लावणार नाही, असे आईला कबूल करून लिहायला बसलो आहे, तेव्हा झेंड्याबद्दलच लिहितो.

त्या मुलाच्या घरच्यांनी ही समजूत हवेतून काढलेली नाही, हे आधी ध्यानात घे. १९२१ साली बेझवाड्याला, म्हणजे आजच्या विजयवाड्याला, पिंगली वेंकय्या यांनी गांधीजींना झेंड्याचा आराखडा दाखवला, तेव्हा त्यात तांबडा आणि हिरवा असे दोनच रंग होते आणि ते हिंदू व मुसलमान या दोन समाजांचे म्हणूनच घेतलेले होते. उरलेल्या सर्वांसाठी पांढरा पट्टा घालावा, हे गांधीजींनी सुचवले. चरख्याची सूचना जालंधरच्या लाला हंसराज यांची. रंगांची अशी वाटणी एकदा सुरू झाली की ती कुठेच थांबत नाही. आमचा रंग कुठे आहे, असे शिखांनी विचारले आणि त्यांचे विचारणे रास्तच होते. अखेर १९३१ मध्ये सात जणांची एक समिती नेमली गेली. सरदार पटेल, नेहरू, मौलाना आझाद, मास्टर तारासिंग, काका कालेलकर असे लोक तिच्यात होते. सगळा झेंडा एकाच केशरी रंगाचा असावा आणि त्यावर चरखा असावा, अशी शिफारस या समितीने केली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मुंबईला काँग्रेसच्या महासमितीने ती बाजूला सारली आणि तीन रंग कायम ठेवले. मात्र तांबड्याच्या जागी केशरी आणून तो वर घेतला, पांढरा मधे आणला आणि या रंगांना कोणताही जातीय अर्थ नाही, असे ठरावातच नमूद केले. केशरी हा धैर्याचा आणि त्यागाचा, पांढरा सत्याचा आणि शांतीचा, हिरवा श्रद्धेचा आणि समृद्धीचा, असे तेव्हा ठरले.

हे सगळे भाषणात आधी सांगितलेस, तर तुझ्या वाक्याला आधार मिळेल आणि ते तुझ्या एकटीच्या अंगावर येणार नाही. पुन्हा २२ जुलै १९४७ रोजी संविधान सभेत नेहरूंनी झेंड्याचा ठराव मांडला, तेव्हाही त्यांनी हाच गैरसमज मुद्दाम खोडून काढला होता, तेही सांग. त्याच दिवशी राधाकृष्णन यांनी हिरव्या रंगाचा जो अर्थ लावला, तो मला फार आवडतो : हे आपले मातीशी आणि जिच्यावर सारे जीवन अवलंबून आहे त्या हिरवाईशी असलेले नाते. शेतकऱ्यांच्या गावात हा अर्थ कोणाला परका वाटणार नाही. कपाशीच्या शेतात उभ्या असलेल्या माणसाला हिरवा रंग त्याचा नाही, असे कोण म्हणेल?

तुला आठवते का, आजीच्या डोळ्यांसाठी पुण्याला गेलो होतो तेव्हा आपण केसरीवाड्यात मादाम कामांचा झेंडा पाहिला होता? २२ ऑगस्ट १९०७ रोजी जर्मनीतल्या स्टुटगार्टला समाजवाद्यांच्या परिषदेत त्यांनी तो फडकवला होता. दादाला भूक लागली होती, तो माझा हात ओढत होता, आणि तू मात्र तिथून हलायला तयार नव्हतीस. यात हिरवा वर का, मधल्या पट्टीवर 'वंदे मातरम्' आहे तर खाली सूर्याबरोबर चंद्रकोर का, असे विचारून तू मला भंडावून सोडले होतेस. आजी म्हणाली, ही पोर पुढे कोणाला गप्प बसू देणार नाही. तेव्हा मला त्याचा केवढा अभिमान वाटला होता! अभिमान आजही तेवढाच आहे, पण हल्ली रात्री जाग आली की तुझ्या खोलीचे दार आतून नीट लागते की नाही, हेच मनात येते. कडी बदलून घेतलीस का?

खरे सांगायचे तर तुला सबुरीने घे असे लिहायला बसलो, पण सबुरीचे एकही उदाहरण हाताशी येत नाही. नंदुरबारचा शिरीषकुमार मेहता डोळ्यांपुढून हलत नाही. ९ सप्टेंबर १९४२ रोजी मुलांच्या मिरवणुकीत तो हाती तिरंगा घेऊन होता आणि पोलिसांच्या गोळ्यांनी पडला; त्याला सोळावे वर्षही पुरे झाले नव्हते. त्याच्यासह पाच जण तिथे गेले. वर्गात मी ही गोष्ट कितीतरी वेळा सांगितली आणि दर वेळी मुलांचे चेहरे पाहून समाधान वाटले. आता मात्र ती आठवली की त्याच्या घरी त्या संध्याकाळी काय झाले असेल, तेच मनात येते. तुझ्या बाबतीत असले काही होणार आहे, असे मी म्हणत नाही. आईने हा मजकूर वाचला तर रागावेल. काळ निराळा आहे, हे मला कळते. पण आत्याच्या वेळी काय झाले ते तूही जाणतेस. माणसे बोलण्यावरून डूख धरतात आणि एकट्या बाईला ते फार काळ पुरते.

आता मास्तरकी आलीच आहे तर तयारीचेही सांगतो. ऑगस्टच्या पावसात दोरी भिजून फुगते आणि कप्पीत अडकते, म्हणून आदल्या संध्याकाळी ती दोन-तीनदा वरखाली ओढून पाहा. घडी घालण्यापूर्वी झेंडा पुरता उलगडून केशरी पट्टा वरच्या गाठीकडे आहे ना, ते स्वतः बघ. हे काम शिपायावर सोडू नकोस, कारण झेंडा उलटा लागला तर जाब मुख्याध्यापकांना आणि तुलाच द्यावा लागेल. चढवताना झपकन चढवायचा, उतरवताना सावकाश उतरवायचा. मुलांना चक्राचे चोवीस आरे मोजायला लाव आणि चरखा जाऊन तिथे सारनाथच्या अशोकस्तंभावरचे चक्र का आले, तेही सांग : झेंडा कोणत्याही बाजूने पाहिला तरी चिन्ह सारखेच दिसायला हवे होते, आणि चरखा एका बाजूने उलटा दिसला असता. हे सारे तुला आधीच माहीत असेल. बापाचे पत्र शिक्षकाच्या टिपणासारखे झाले, त्याबद्दल राग मानू नकोस.

त्या वाक्याबद्दल मी रात्रभर विचार केला. ते गाळ, असे लिहायचे माझ्या मनात होते. मग सोलापूर आठवले. १९३० साली तिथल्या नगरपालिकेवर तिरंगा चढला, पुढे मार्शल लॉ आला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याला चौघांना एकाच दिवशी फाशी दिले : मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा. ही चार नावे तुझ्या वाक्याच्या आधी घाल आणि वाक्य जसे आहे तसे राहू दे. नावे सावकाश घे, मधे थांब. त्या मुलाच्या वडिलांकडे रोखून पाहू नकोस आणि त्याला सर्वांसमोर उभेही करू नकोस. प्रश्न त्याने विचारला होता, हे गावाला कळायचे कारण नाही.

मुख्याध्यापकांना भाषण आधी दाखव. त्यांनी एखादा शब्द बदलायला सांगितला तर लगेच हट्टाला पेटू नकोस, मला फोन कर. कार्यक्रमानंतर मुलांच्या हातातले कागदी झेंडे मैदानावर पडून राहतात, ते मोठ्या मुलांकडून गोळा करून घे. मळलेले, फाटलेले झेंडे कचऱ्यात टाकायचे नसतात. चारचौघांत नव्हे, एका बाजूला मानाने जाळावेत, असे ध्वजसंहितेत सांगितले आहे. पुढच्या शनिवारी दादा तिकडून जाणार आहे. त्याच्याबरोबर मेथीचे लाडू आणि दाराला लावायची एक जाड कडी पाठवतो आहे. ती बसवून घ्यायला माणूस मिळाला नाही तर दादाच बसवून देईल.

तुझे,
बाबा