खासदारांचे प्रश्नही छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

संसदेचे अधिवेशन संपले की कोणत्या खासदाराने किती प्रश्न विचारले, याचे आकडे छापून येतात. प्रश्न काय होता आणि उत्तर काय मिळाले, हे मात्र क्वचितच वाचायला मिळते. ठाण्याच्या वाचकांना ते मिळायलाच हवे, कारण याच मतदारसंघाने १९७७ आणि १९८० साली रामभाऊ म्हाळगींना लोकसभेत पाठवले होते.

जन्म पुणे जिल्ह्यातल्या कडूसचा, पेशा वकिलीचा. १९५७ साली ते मावळातून विधानसभेत गेले, पुढे पुण्यातून निवडून आले आणि नंतर ठाण्यातून दिल्लीला. ६ मार्च १९८२ रोजी त्यांचे निधन झाले तेव्हा ते ठाण्याचे खासदार होते. भाईंदरजवळच्या उत्तनची प्रबोधिनी ही प्रशिक्षण संस्था त्यांच्या नावाची आहे, एवढे पुष्कळांना ठाऊक असते. ते दरवर्षी आपल्या कामाचा अहवाल मतदारांपुढे ठेवत, ही गोष्ट मात्र मागे पडली आहे. आम्हाला त्यात वकिली दिसते. दावा जिंकला काय किंवा हरला काय, पक्षकाराला हिशेब द्यावाच लागतो.

तालुक्याच्या कोर्टात तयार झालेल्या वकिलाला उलटतपासणीत एक गोष्ट लवकर कळते: साक्षीदाराला भाषण करायला वाव मिळेल असा प्रश्न विचारायचा नाही. मंत्र्याच्या बाबतीतही तेच. ‘लोकलची गर्दी कमी करण्यासाठी सरकार काय करीत आहे?’ असे विचारले, तर उपाययोजना ही निरंतर प्रक्रिया असल्याचे उत्तर येते आणि विषय तिथेच मिटतो. त्याऐवजी असे विचारावे: कळवा–ऐरोली उन्नत रेल्वेमार्ग २०१६ साली मंजूर झाल्यापासून त्यावर वर्षनिहाय किती खर्च झाला, किती कुटुंबांचे पुनर्वसन बाकी आहे, आणि त्यांच्यासाठी घरे देण्याची जबाबदारी कोणत्या यंत्रणेवर कोणत्या तारखेला टाकली? इथे आकडा, तारीख आणि नाव दिल्यावाचून सुटका नाही.

लोकसभेत हा प्रश्न १५० शब्दांत बसवावा लागतो. सूचना किमान पूर्ण १५ दिवस आधी द्यायची. प्रत्येक मंत्रालयाचा वार ठरलेला असतो. मुदत हुकली की तो वार पुन्हा येईपर्यंत थांबायचे, आणि अधिवेशन आखूड असेल तर विषय पुढच्या अधिवेशनावर जातो. दिवसाला २० तारांकित (तोंडी उत्तराचे) आणि २३० अतारांकित (लेखी उत्तराचे) प्रश्न यादीत येतात. क्रम चिठ्ठ्यांनी ठरतो, आणि एका सदस्याचा एका दिवशी एकच तारांकित प्रश्न लागतो. त्यातही तोंडी उत्तराची पाळी बहुधा पहिल्या पाच-सहांचीच. मंत्र्याच्या उत्तरावर लगेच विचारायचे दोन पूरक प्रश्न प्रश्नकर्त्याला मिळतात, आणि खरी उलटतपासणी तीच. म्हणून सकाळी अकराचा प्रश्नोत्तराचा तास गोंधळात वाहून गेला, की नुकसान मंत्र्याचे होत नाही. त्याचे लेखी उत्तर पटलावर ठेवले जातेच. बुडतात ते पूरक प्रश्न.

पुष्कळ सूचना तर दारातच अडतात. घोडबंदर रस्त्यावरचे खड्डे, पालिकेचे पाणी, पोलीस ठाण्याचा कारभार हे विषय राज्याचे किंवा स्थानिक संस्थांचे. केंद्राचा थेट संबंध नसेल तर प्रश्न नामंजूर होतो. न्यायप्रविष्ट बाबीचेही तसेच. इथे वकील असण्याचा उपयोग होतो. वादाला हात न लावता त्याच कामाला केंद्राकडून किती निधी आला, मंजुरी कधी दिली, मोजणी कधी झाली, हे विचारता येते.

‘माहिती गोळा केली जात असून सभागृहाच्या पटलावर ठेवली जाईल’ हे उत्तर वाचून बरेच जण कागद बाजूला ठेवतात. तिथे थांबू नये. ते वाक्य आश्वासन धरले जाते, शासकीय आश्वासन समितीकडे नोंदले जाते आणि तीन महिन्यांत पुरे करायचे असते. मंत्रालय मुदतवाढ मागते, कधी आश्वासन वगळण्याची विनंती करते. खासदाराने तारखेची डायरी ठेवली नसेल, तर ते कधी वगळले गेले हे त्याला कळतही नाही.

शुक्रवारची दुपारही अशीच वाया जाते. शेवटचे अडीच तास खासगी, म्हणजे मंत्री नसलेल्या सदस्यांच्या, विधेयकांसाठी व ठरावांसाठी राखलेले असतात, आणि नेमके तेव्हाच सदस्य विमान गाठायला निघालेले असतात. गणपूर्तीला, म्हणजे कामकाज चालवण्यापुरत्या किमान हजेरीला, ५५ जण लागतात. आजवर अशी अवघी १४ विधेयके कायदा झाली, शेवटचे १९७० साली. तरी मेहनत फुकट जात नाही. वेंगुर्ल्याचे बॅरिस्टर नाथ पै यांनी १९६७ साली, मूलभूत हक्कांना कात्री लावणारी घटनादुरुस्ती संसदेला करता येणार नाही, असे सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या गोलकनाथ निकालानंतर, घटनादुरुस्तीचा संसदेचा अधिकार परत मिळवणारे खासगी विधेयक मांडले. ते मंजूर झाले नाही. जानेवारी १९७१ मध्ये नाथ पै गेले, आणि त्याच वर्षी २४व्या घटनादुरुस्तीने तेच काम केले.

खासदाराने वकिली चालू ठेवायला बंदी नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली तसे स्पष्ट केले आहे. तरी अधिवेशन चालू असताना कोर्टात तारखा घेऊ नयेत, असे आमचे ठाम मत आहे. पूरक प्रश्नाची तयारी ही निकालपत्र वाचण्याइतकीच वेळखाऊ असते.

आमची विनंती एवढीच. ठाणे, कल्याण आणि भिवंडीच्या खासदारांचे निवडक प्रश्न, मिळालेली उत्तरे आणि प्रलंबित आश्वासने दर अधिवेशनानंतर छापावीत. प्रश्न आणि उत्तरे लोकसभेच्या संकेतस्थळावर सर्वांना खुली आहेत. ऐरोली-बेलापूरही ठाणे मतदारसंघातच येत असल्याने नवी मुंबईच्या पानावरही त्यांना जागा द्यावी. आश्वासनापुढे ते दिल्याची तारीख आणि तीन महिन्यांची मुदत कधी संपते, हे जरूर छापावे.

– ठाणे न्यायालयातील काही वकील, कोर्ट नाका, ठाणे (प.)