सावली पडली तर पडू द्या की!

माननीय संपादक,
स.न.वि.वि.

मागच्या रविवारी अकरावीतल्या भाचीला घेऊन व्हिडिओ आर्टचं एक प्रदर्शन बघायला गेलो. गॅलरीचं नाव देत नाही, बाकी मांडलं छान होतं आणि एन्ट्रीपण फ्री. एका अंधाऱ्या खोलीत भिंतभर हलणारं पाणी, भाची मधे गेली तर तिची सावली थेट त्या पाण्यात, मस्त हात हलवून बघत होती तेवढ्यात गार्ड म्हणाले, "ओ मॅडम, बाजूला व्हा, पिक्चरमधे येताय." पोरगी अशी ओशाळली की पुढचं काही तिने धड बघितलंच नाही. गार्डना तरी काय बोलणार, त्यांना कुणी सांगितलंच नसणार. पण प्रोजेक्टर कमरेच्या उंचीवर ठेवलेला होता हो, सावली नकोच असती तर छताला नसता का टांगला?

बघणाऱ्यालाच कलाकृतीत ओढायचं, हे काही नवीन खूळ नाही. पीटर कॅम्पस या अमेरिकन कलाकाराने 1972 मधे 'इंटरफेस' केलं, अंधारात एक मोठी काच, काचेपलीकडे कॅमेरा, आणि त्यात दिसणारे तुम्ही प्रोजेक्टरने परत त्याच काचेवर. म्हणजे काचेत आपलं प्रतिबिंब आणि शेजारी व्हिडिओतले आपण. डावीकडे सरकलात की प्रतिबिंब तुमच्याबरोबर डावीकडे येतं आणि व्हिडिओतले तुम्ही उजवीकडे पळता!! सेल्फी काढताना भांग एका बाजूला आणि सेव्ह झाल्यावर दुसऱ्या बाजूला दिसतो ना, तीच गंमत, फक्त अख्ख्या देहाची आणि एकाच वेळी. समोर कुणी उभंच नसेल तर तिथे बघायला उरतं काय, नुसती काच.

आपल्या मुंबईच्या चित्रकार नलिनी मालानी तर आपल्या अशा कामांना व्हिडिओ/शॅडो प्ले, म्हणजे सावल्यांचा खेळ, असंच म्हणतात. 2012 ला जर्मनीत कासेलला त्यांनी आतून रंगवलेले पारदर्शक मायलारचे (प्लास्टिकच्या फिल्मचे) सिलिंडर गोल फिरत ठेवले होते, त्यांच्यातून व्हिडिओचा उजेड जातो आणि चित्रांच्या सावल्या भिंतींवर फिरत राहतात. सिंधुदुर्गात पिंगुळीला चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ बघितलेल्याला हे समजावून सांगावं लागणार नाही, फरक इतकाच की तिथे दिवा पडद्यामागे असतो आणि आपण पुढे, त्यामुळे आपली सावली मधे यायचा प्रश्नच नाही.

तुमच्या पुरवणीत अशा प्रदर्शनांचा एक फोटो आणि खाली 'अमूर्त अनुभूती' एवढंच छापून येतं, त्यापेक्षा कुठे उभं राहायचं, आत गेलं तर चालतं का, एवढं जरी लिहिलंत तरी खूप झालं. आणि गॅलरीवाल्यांनी दारावर एक कागद चिकटवावा, मराठीत.

आपला,
एक वाचक, ठाणे